स्टेशन खाली का राहिले

ओली पाने फरशीला चिकटली की झाडूला दाद देत नाहीत. फुसाएने केरभरणीची कड उलटी धरली आणि एकेक पान खरवडायला घेतले. वाकताना उजवा गुडघा आतून कुरकुरला. बाकाच्या कडेला हात टेकून ती थोडी थांबली आणि मग पुढच्या पानाकडे सरकली.

प्लॅटफॉर्मच्या टोकाला शाळेचे निवृत्त इनागाकी मास्तर उभे होते. सकाळची गाडी येऊन गेली होती, पुढची दुपारी होती, आणि मास्तरांच्या हातात पिशवीसुद्धा नव्हती. ते दोनदा तिच्या दिशेने आले आणि दोन्ही वेळा वेळापत्रक वाचल्यासारखे करून परत फिरले.

"मास्तर," फुसाए मान वर न करता म्हणाली, "त्या वेळापत्रकात वाचण्यासारखं आहे तरी काय? एव्हाना पाठ झालं असेल."

"पाठच आहे." मास्तर जवळ आले. "तुमच्याशी थोडं बोलायचं होतं, वहिनी. काम आटपू दे, मी थांबतो."

"हे काम आटपत नसतं. बोला तुम्ही."

मास्तरांनी हात पाठीमागे बांधले. ते फुसाएच्या नवऱ्याच्या वर्गातले. पुढे त्याच शाळेत शिकवायला लागले आणि मुले संपून शाळेला कुलूप लागेपर्यंत शिकवत राहिले. येत्या वसंतात स्टेशनला सत्तर वर्षे होत होती. त्यानिमित्त प्रतीक्षागृहात स्टेशनची हकीकत कोरलेला लाकडी फलक लावायचे गावाने ठरवले होते, आणि मजकुराचे काम मास्तरांच्या गळ्यात पडले होते. गावात त्यांच्याइतकी पुस्तके कोणाकडे नव्हती, आणि नाही म्हणणे त्यांना कधीच जमले नव्हते.

"मजकूर झाला का लिहून?" फुसाएने विचारले.

"झाला. म्हणजे, एक वाक्य सोडून. तुमच्या घराबद्दलचं."

ते वाक्य कोरायच्या आधीपासून फुसाएला ठाऊक होते. उवाबारा गाव वर, डोंगराच्या खांद्यावर. उवाबारा स्टेशन खाली, नदीच्या काठाला. मध्ये देवदारांतून जाणारा चढ, ज्यावर तरण्या माणसालाही थांबून श्वास घ्यावा लागे. गावात सांगत ते असे: आगगाडी थेट वर आणायचे कंपनीचे ठरले होते, पण सभेत फुसाएचे आजेसासरे, म्हातारे होरिगुची उठले. धूर तुतीच्या पानांवर बसेल आणि रेशमाचे किडे मरतील, असे त्यांनी ठणकावून सांगितले. कंपनीच्या लोकांनी कागद गुंडाळले आणि ते नदीकडे उतरले. तेव्हापासून पाठीवर ओझे घेऊन चढणारा प्रत्येक जण अर्ध्या वाटेवर थांबून एकदा होरिगुचीच्या नावाने बोटे मोडायचा.

आणि तेव्हापासून होरिगुचीच्या बायका स्टेशन झाडायच्या. झाडा असे त्यांना कोणी सांगितले नव्हते. फुसाए लग्न होऊन आली, तशी सासूने तिला इथे आणले, हातात झाडू दिला, आणि गाडीतून उतरणाऱ्यांपुढे किती वाकायचे ते दाखवले. 'चढ आहे, सावकाश जा,' एवढेच म्हणायचे. तेव्हा इथे स्टेशनमास्तर होता, कारकून होता, कोशांची पोती जायची ती मालाची कोठी होती. पुढे तुतीची झाडे गेली, मग कोठी पाडली, मग स्टेशनमास्तरला कायमचे परत बोलावून घेतले. तिकिटाच्या खिडकीवर फळ्या ठोकल्या. झाडणे तेवढे राहिले.

"लिहा की," फुसाए म्हणाली. "घडलंय ते घडलंय."

"तेच तर." मास्तर आपल्या बुटांकडे पाहत म्हणाले. "घडलेलं नाही ते."

फुसाएने केरभरणी खाली ठेवली.

"निवृत्त झाल्यापासून या मार्गावरची सगळी स्टेशनं मी पायी फिरलोय. रूळ कुठेही नदी सोडत नाहीत. सोडणार कसे? त्या काळच्या इंजिनाला हा चढ झेपलाच नसता, वहिनी. रिकाम्या डब्यांनिशीही नाही. वर स्टेशन बांधायचं कुणाच्या मनात आलं असेल, असं मला वाटत नाही."

"पण आजेसासरे सभेत बोलले होते ना?"

"बोलले असतील. ओरडलेही असतील. पण ऐकायला कंपनीचं कुणी असेल, तर शपथ." मास्तरांनी घसा साफ केला. "आणि ही गोष्ट आपल्या एकट्याची नाही. नदीच्या खालच्या अंगाच्या गावात सांगतात, एका दारू गाळणाऱ्यानं आगगाडी अडवली, हादऱ्यानं पिंपातली दारू नासेल म्हणून. त्याच्या पलीकडे एक जमीनदार आहे. त्याच्या कोंबड्या अंडी द्यायच्या थांबणार होत्या. स्टेशन लांब पडलं की कुणीतरी लागतोच, वहिनी. प्रत्येक गावात एक होरिगुची आहे."

एवढे बोलल्यावर त्यांना दम लागल्यासारखे झाले. "माझं चुकतही असेल," ते पुढे म्हणाले. "पुष्कळदा चुकतं. पण हे मी पुन्हा पुन्हा चालून पाहिलंय."

फुसाए बाकावर बसली. स्टेशनच्या बाकावर सकाळच्या वेळी ती सहसा बसत नसे.

"आमचे हे गेले ते बरं झालं," ती म्हणाली. "पोटात दोन पेले गेले की सांगायचे, माझ्या आजोबानं आगगाडी अडवली. दुसरं सांगण्यासारखं होतं काय त्यांच्याकडे?"

"मला शाळेत असल्यापासून सांगायचा. मधल्या सुट्टीत इंजिन व्हायचा आणि मला अडवायला लावायचा."

दोघे थोडे हसले. मग फुसाएने पायाजवळच्या झाडूकडे पाहिले आणि ती हळूच, स्वतःशी बोलल्यासारखे म्हणाली, "मग हे काझुयोला करायला नको."

काझुयो तिची मुलगी. नवऱ्यापासून वेगळी होऊन माहेरी परतली होती. नव्या वर्षात फुसाएच्या गुडघ्याचे ऑपरेशन होते आणि त्यानंतर तिला वाकता येणार नव्हते; झाडू काझुयोच्या हातात जाणार होता. मात्सुमोतो शहरात काझुयोची एक मैत्रीण वसतिगृहाचे स्वयंपाकघर चालवायची. तिने काझुयोला कामाला बोलावले होते, राहायला खोलीही देणार होती. काझुयोने एकदाच ते सांगितले होते, स्वयंपाकघराला मोठी खिडकी आहे एवढे म्हणाली होती, आणि मग पुन्हा विषय काढला नव्हता.

बाहेर एक छोटा ट्रक थांबला. गावचे पुढारी मुरामात्सु तादाओ टेप घेऊन आत आले. फलकासाठी भिंत मोजायची होती.

"काय काकू, गुडघा काय म्हणतो?"

"तुझ्यापेक्षा कमी बोलतो."

"मग बराय की." तादाओंनी टेपचे एक टोक मास्तरांच्या हातात दिले. "धरा. वर, अजून वर. मजकूर आज द्या मास्तर, सुतार उद्या लाकूड घ्यायला येतोय."

टेप धरल्या धरल्या मास्तरांनी सगळे सांगून टाकले. भिंतीकडे तोंड असल्यामुळे असेल, या वेळी ते कमी अडखळले. तादाओ ऐकत राहिले. टेप आपोआप सर्रकन गुंडाळली गेली, तरी त्यांचा हात भिंतीवरच होता.

"एवढी पुस्तकं वाचून तुम्हाला नेमकं हेच सापडलं होय?" ते शेवटी म्हणाले. टोपी काढून त्यांनी डोके खाजवले. "तसं मलाही वाटायचं. माझा ट्रकच जिथं रडत चढतो, तिथं ते कोळशाचं धूड काय चढणार? पण मास्तर, घरात आई आहे."

त्यांनी टोपी पुन्हा डोक्यावर चढवली.

"ती आहे तोवर ते वाक्य मला काढता येणार नाही. ती काही खाली येऊन बघणार नाही, पण विचारते. रोज जेवताना विचारते, होरिगुचीचं नाव घातलं का." ते फुसाएकडे न बघता म्हणाले, "काकू, माझं स्वतःचं काही म्हणणं नाही. ती म्हणाली काढ, तर काढतो."

---

चढ चढताना फुसाए तीनदा थांबली. लोक थांबत त्याच जागी, जिथे कोणीतरी पूर्वी बसायला दगड ठेवला होता, तिथे ती शेवटचे थांबली. खाली नदी आणि नदीच्या कडेने रूळ. दोन्ही एकमेकांना न सोडता वळणाआड गेलेले. इतकी वर्षे ती हे बघत होती.

महायुद्धानंतरचा तो हिवाळा तिला आठवत होता. तिचे लग्न नुकते झालेले. रात्रभर बर्फ पडले होते आणि पहाटे ती सासूबरोबर प्लॅटफॉर्म मोकळा करत होती. वरून तादाओंचा बाप मुरामात्सु उतरून आला. पाठीवर रजईत गुंडाळलेली मुलगी, मागे त्याची बायको किनूबाई. पोटात दुखायचे निमित्त झाले होते आणि डॉक्टर शहरात होता. गाडी वेळेवर आली. डब्याचे दार उघडले आणि उघडेच राहिले, कारण मुरामात्सु चढेना. किनूबाईंनी रजईत हात घालून पाहिले होते. मग त्या वळल्या आणि फावडे घेऊन उभ्या असलेल्या दोन होरिगुची बायकांकडे त्यांनी पाहिले. ती मुलगी मित्सुए, चढ उतरता उतरताच गेलेली. तादाओंचा तेव्हा जन्मही झाला नव्हता.

घरी काझुयो अंगणात बसून मुळ्याचा पाला पिंपात खारवत होती. ओसरीवर नवे रबरी बूट होते, आत मऊ अस्तर असलेले.

"हे कुणाचे?"

"माझे. स्टेशनच्या फरशीवर पाय गार पडतात म्हणतेस ना. बर्फ पडायच्या आत आणून ठेवले."

फुसाएने बूट हातात घेऊन पाहिला आणि पुन्हा जागेवर ठेवला. "मात्सुमोतोला कळवलंस?"

"संध्याकाळी फोन करते. नाही म्हणून सांगते." काझुयोने पाल्याच्या थरावर मीठ भुरभुरले. "ती तरी किती दिवस जागा अडवून ठेवणार?"

"मी येईपर्यंत करू नको."

"कुठे निघालीस आता? आत्ता तर चढून आलीस."

"मुरामात्सूंकडे."

काझुयोचा हात थांबला. "आज कशाला? आज काही तारीख नाही."

फुसाएने स्वयंपाकघरात जाऊन सकाळी केलेले तांदळाचे गोळे डब्यात भरले, वर लाल घेवड्याचे पुरण लावले, आणि डबा फडक्यात बांधला.

---

"आज काय?" किनूबाई म्हणाल्या. "आज मित्सुएची तारीख नाही."

"नाही. अशीच आले."

"होरिगुचीची सून अशीच आली." किनूबाई खोलीच्या मधोमध, खाली शेगडी असलेल्या ठेंगण्या मेजाशी बसल्या होत्या. मेजावरची जाड रजई त्यांनी कमरेपर्यंत ओढून घेतली होती. फुसाएला सत्तरी उलटून गेली तरी त्यांच्या लेखी ती सूनच होती.

फुसाए आधी देवघरापुढे बसली. उदबत्ती लावली. तिथल्या फोटोतल्या मित्सुएचे केस कपाळावर सरळ कापलेले होते आणि ती कोणाच्या तरी हाकेने वळल्यासारखी बघत होती. हात जोडून झाल्यावर फुसाए नेहमीच्या जागी, दाराजवळच्या चटईच्या कडेला जाऊन बसली. रजईजवळ येऊ नको असे तिला या घरात कोणी म्हटले नव्हते. ये असेही म्हटले नव्हते.

दर महिन्याला, मित्सुए गेली त्या तारखेला, ती यायची. आधी सासू यायची, मग दोघी, मग ती एकटी. बोलणे ठरलेले असायचे. 'तुमच्या म्हाताऱ्याला किडे प्यारे होते,' किनूबाई म्हणायच्या. 'हो,' फुसाए म्हणायची. 'माझी पोर नव्हती.' 'हो.' मग चहा यायचा. पुढे पुढे त्या शब्दांतली धार गेली होती, पण एकही शब्द गळला नव्हता.

आज किनूबाईंनी सुरुवात करायच्या आत फुसाए बोलली. मास्तर जसे बोलले होते तसेच तिने सांगितले: इंजिन, चढ, नदी न सोडणारे रूळ, दारूवाला, जमीनदार. मधल्या दाराआड तादाओ उशिरा जेवायला बसले होते. भांड्यांचा आवाज थांबला होता.

"म्हणजे स्टेशन वर येणारच नव्हतं," किनूबाई म्हणाल्या.

"नव्हतं."

"कुणी काही म्हटलं असतं, नसतं, तरी."

"तरी."

"कोण सांगतं हे?"

"इनागाकी मास्तर."

"त्याला काय कळतंय. त्याच्या तासाला तादाओ झोपायचा." किनूबाईंनी रजईचा एक सुटा धागा बोटाला गुंडाळायला घेतला. गुंडाळून झाला, सोडला, पुन्हा गुंडाळला. "माझा नवरा म्हणायचा. अंथरुणाला खिळला होता तेव्हा म्हणायचा, जाऊ दे किनू, डोंगर होता तो. मी त्याच्याशी दोन दिवस बोलले नव्हते."

उदबत्तीची राख गळून पडली.

"मग इतकी वर्षं मी कुणाला बोलत होते?"

"मला," फुसाए म्हणाली.

"तुझा काय संबंध होता? तू कालची आलेली पोर होतीस. फावडं धड धरता येत नव्हतं तुला, मी पाहिलं होतं ना."

जे ऐकायला फुसाए आली होती ते तिला मिळाले होते. पण किनूबाईंचा चेहरा काठी काढून घेतलेल्या वेलासारखा खाली आला होता, आणि तो बघत तिथून उठणे तिला जमेना.

"आता कुणाला बोलू?" किनूबाई म्हणाल्या. "नशिबाला? ते काय महिन्याच्या महिन्याला डबा घेऊन येतं का?"

"मी येईन की."

"कशाला? तुझं काय लागतं आता?"

"काही लागत नाही." फुसाएने डब्याची गाठ सोडली. "तुम्ही बोला. मी ऐकेन. मला सवय आहे."

किनूबाईंनी तिच्याकडे बराच वेळ पाहिले. "आणि तुझ्यामागं?"

"माझ्यामागं कुणी नाही. काझुयो मात्सुमोतोला जाते आहे."

"कधी ठरलं?"

"आत्ता."

मधले दार थोडे सरकले. तादाओ हातात भाताचा वाडगा तसाच घेऊन उभे होते. "काकू, मग स्टेशन कोण झाडणार?"

"तुझे हात गळून पडलेत?" किनूबाई मान न वळवता म्हणाल्या. "आणि त्या मास्तराला सांग, फलकावर काय ते डोंगराचं, नदीचं लिही म्हणावं. माणसांची नावं नकोत. चार माणसं येणार वाचायला, त्यात कशाला कुणाचं नाव?"

"आई, तूच तर रोज म्हणतेस—"

"आज म्हणत नाही. दार लाव."

दार लागले. किनूबाईंनी डब्यातला एक गोळा उचलला, वरचे पुरण बोटाने दाबून पाहिले आणि तोंडात टाकला. त्या सावकाश चावत राहिल्या. बाहेर उन्हे डोंगरामागे चालली होती आणि खोलीत गारठा उतरत होता. फुसाएने दुखरा गुडघा हाताने धरून चटईवर थोडा सरळ केला.

"मीठ जास्त झालंय," किनूबाई म्हणाल्या.

"हो."

"होरिगुचीच्या घरात पुरण कधी धड झालंच नाही. तुझ्या सासूलाही जमलं नाही."

"हो."

"आणि साखर तर अशी घालता, जशी काही गहाण ठेवलेली."

"हो."

किनूबाईंनी हात पुसला आणि आपल्या समोरच्या बाजूची रजईची कड उचलून धरली. आतली ऊब खोलीत आली.

"अशी लांब बसलीस तर मला ओरडून बोलावं लागतं," त्या म्हणाल्या. "पाय आत घे, आणि ऐक."

फुसाए सरकली. आधी दुखरा पाय, मग दुसरा.